गाळ्यांचे मजले यंत्रांना झेपतील असे बांधा

महोदय,

धारावीतल्या उद्योगांना बहुमजली गाळे द्यायचा विषय निघाला की बोलणे चौरस फुटांवरच अडते. खरा प्रश्न स्लॅबचा आहे. भारतीय मानकानुसार घराचा स्लॅब चौरस मीटरला सुमारे 200 किलो भारासाठी धरतात. हलक्या कारखान्याला 500, मध्यम कारखान्याला 700 किलो लागतात. शिवाय भार सगळीकडे सारखा पसरत नाही. पत्रा दाबून कापणारे, वाकवणारे 3 टनांचे पॉवर प्रेसचे मशीन चार पायांवर उभे राहिले की एकेका पायाखाली पाऊण टन येतो, तोही दणके देत. त्या दणक्यांची लय स्लॅबच्या स्वतःच्या कंपनाशी जुळली, तर शेजारच्या लेथवर, म्हणजे धातू कातायच्या यंत्रावर, मापे चुकू लागतात. यंत्राखाली रबरी पॅड घातल्याने फरक पडतो, पण प्रेस तळमजल्यावरच हवा. शिवणकाम, जुळणी, पॅकिंग खुशाल वर जावे.

मालवाहू लिफ्ट एकच असली आणि ती बंद पडली, की वरचे सगळे मजले हातावर हात ठेवून बसतात. किमान दोन द्या. लिफ्टमध्ये न मावणारे यंत्र क्रेनने आत घेता यावे म्हणून दर मजल्यावर भिंतीचा एक भाग काढता येण्याजोगा ठेवा. जिन्यात माल रचायला मात्र अजिबात मुभा नको. आग लागली की कामगारांची बाहेर पडायची वाट तीच असते.

– एक वाचक, साकीनाका, मुंबई