व्यत्ययाबद्दल क्षमस्व

प्रति,
मा. माहिती व प्रसारण मंत्री,
भारत सरकार, नवी दिल्ली.

विषय : मराठी टीव्हीच्या जुन्या टेपा, आणि उद्या जुन्या होणाऱ्याही.

मा. मंत्रिमहोदय,
सा. न. वि. वि.

माझे थोरले काका ब्याऐंशी वर्षांचे आहेत आणि एका बाबतीत ते कुणाचंच ऐकत नाहीत. जुलै १९६९ मध्ये नील आर्मस्ट्राँग चंद्रावर उतरला ते त्यांनी आमच्या कसब्यातल्या वाड्यात, माडीवरच्या बिऱ्हाडातल्या टीव्हीवर बघितलं. पडद्यावर मुंग्या होत्या, कुणीतरी कौलांवर चढून अँटेना फिरवत होतं, खालून "आलं, आलं, गेलं!" असा पुकारा चालला होता, इतकं बारीक त्यांना आठवतं. अडचण एवढीच की तेव्हा सगळ्या देशात टीव्ही होता तो फक्त दिल्लीत. महाराष्ट्रात तो आला २ ऑक्टोबर १९७२ ला, मुंबईत. पुण्यात चित्र दिसायला लागलं ते त्याच्याही नंतर, सिंहगडावर टॉवर उभा राहिल्यावर. काकांनी चंद्र पाहिला असणार तो थिएटरात, सिनेमाआधी दाखवायचे त्या समाचारचित्रात. पुढे कधीतरी टीव्हीवर पाहिला असेल आणि डोक्यात दोन्हीचं एकच झालं. मी १९७२ म्हटलं की ते म्हणतात, "तू तेव्हा रांगत होतीस." रांगत होते, हे खरं आहे.

काकांना हसायचा मला अधिकार नाही. त्या चांद्रमोहिमेच्या मूळ चित्रणाच्या टेपा खुद्द नासाने पुसून पुन्हा वापरल्या, हे त्यांनी २००९ मध्ये जाहीर कबूल केलं. मग इकडच्या-तिकडच्या टीव्ही केंद्रांकडे उरलेल्या प्रती गोळा करून डागडुजी करावी लागली. ज्यांनी माणूस चंद्रावर पाठवला त्यांची ही कथा, तर आपण कुठल्या झाडाचा पाला!

पण आपल्याकडे ती डागडुजीसुद्धा झालेली नाही. हे पत्र त्यासाठी आहे.

मी तीस वर्षं शाळेत मराठी शिकवलं. माझ्या पिढीचं मराठी दोन ठिकाणी घडलं, वर्गात आणि संध्याकाळी टीव्हीसमोर. भक्ती बर्वे, अनंत भावे, प्रदीप भिडे यांनी बातम्या वाचल्या आणि 'ण' आणि 'न' मधला फरक आम्हाला कुणी वेगळा शिकवावा लागला नाही. 'ठळक बातम्या', 'साप्ताहिकी', 'प्रक्षेपण' हे शब्द घरात आले आणि घरचेच झाले. 'व्यत्यय' हा तर असा अवघड संस्कृत शब्द की एरवी तो पंचांगाबाहेर पडला नसता, पण पडद्यावर पाटी लागायची, 'व्यत्ययाबद्दल क्षमस्व', आणि वाड्यातली दुसरीतली पोरंसुद्धा दिवे गेले की ओरडायची, "व्यत्यय!" 'गजरा'तली नाटुकली, 'चिमणराव'मधले प्रभावळकर आणि बाळ कर्वे, 'ज्ञानदीप', 'प्रतिभा आणि प्रतिमा'. माझ्या वयाच्या कुठल्याही मुंबई-पुण्याच्या माणसासमोर ही नावं घ्या, चेहरा बदलतो. त्याला काय आठवतं ते विचारा, मग मात्र काकांचा चंद्र सुरू होतो. कारण पडताळून बघायला समोर काही नाही.

ते का नाही, तेही सांगते. त्या काळात पुष्कळ कार्यक्रम थेट व्हायचे, त्यामुळे चित्रमुद्रणाचा प्रश्नच नव्हता. जे टेपवर व्हायचे त्यांची टेप महाग, परदेशातून यायची. कार्यक्रम दाखवून झाला की तीच टेप पुसून पुढच्याला वापरायची, हे जगभरच्या टीव्ही केंद्रांचं तेव्हाचं गणित होतं आणि दूरदर्शन त्याला अपवाद नव्हतं. बीबीसीनेही हेच केलं. त्यांच्या 'डॉक्टर हू' या मालिकेचे नव्वदहून अधिक भाग पुसले गेले. पण गंमत बघा, त्या प्रत्येक भागाचा आवाज आज उपलब्ध आहे, कारण प्रेक्षकांनी घरी टेपरेकॉर्डर लावून तो टिपून ठेवला होता. २००१ मध्ये बीबीसीने लोकांना जाहीर आवाहन केलं की घरात, माळ्यावर, गॅरेजमध्ये काही असेल तर आणून द्या. लोकांनी आणून दिलं.

आमच्याही माळ्यावर एक निघालं.

व्हीएचएस कॅसेट, पाठीवर बॉलपेनने लिहिलेलं : 'चि. मंदार मुंज'. मंदार माझा मामेभाऊ. त्याच्या मुंजीला व्हिडिओवाल्याने सांगितलं होतं की कॅसेट तुमची असेल तर पैसे कमी होतील. मामाने घरातली एक दिली. तिच्यावर त्याने टीव्हीवरून काही ना काही टिपून ठेवलं होतं, ते सगळं मुंजीखाली गेलं. म्हणजे टेप पुसण्याचं पाप आमच्या घरीही झालेलं आहे, आणि तेही पैसे वाचवण्यासाठीच.

गेल्या वर्षी ती कॅसेट मी एका माणसाकडे घेऊन गेले. बोळातलं दुकान, आत तीन व्हीसीआर, तिन्ही उघडे. त्याने कॅसेटची झडप उचलून उजेडात धरली. रिळाच्या कडेला पांढरी बुरशी आली होती, भाकरीवर येते तशी. "चालवली तर हेड खराब होईल," म्हणाला. रीळ दुसऱ्या कवचात घालून, हाताने फिरवत, स्पिरिटच्या फडक्याने पुसायला त्याला दोन दिवस लागले. मशिन बिघडलं तर सुटे भाग कुठून आणता, विचारलं. भंगारातून, म्हणाला. व्हीसीआर बनवणारी शेवटची जपानी कंपनी २०१६ मध्येच थांबली.

मुंज निघाली. मातृभोजन, भिक्षावळ, आज्जीच्या नाकातली नथ, मांडवात झोपलेले भटजींचे मदतनीस. शेवटी आत्या कॅमेऱ्याकडे बघून "पुरे रे आता" म्हणते, चित्र फाटतं, मुंग्या येतात, आणि मुंग्यांमधून एक शेतकरी वर येतो.

चार मिनिटं आहेत. शेतीचा कार्यक्रम. मागे ज्वारीचं उभं पीक, सोलापूर-मंगळवेढ्याकडचं असावं, कारण तो मालदांडीबद्दल बोलतोय. समोर माईक घेऊन इस्त्रीच्या सदऱ्यातला निवेदक.

शेतकरी म्हणतो, "काणी पडाय नगो म्हून बियाला गंधक चोळायचं." काणी म्हणजे ज्वारीवरचा रोग.

निवेदक : "म्हणजे आपण बीजप्रक्रिया करता."

शेतकरी थबकतो. माईककडे बघतो, मग निवेदकाकडे. "व्हय. तेच ते. चोळायचं."

पुढच्या प्रश्नाला तो उत्तर देतो तेव्हा 'बीजप्रक्रिया' म्हणतो, जरा अडखळत.

मी ती दहा-बारा सेकंदं कितीदा बघितली असतील! टीव्हीने मराठी माणसाचं काय केलं यावर परिसंवाद भरतात. मला ते इथे होताना दिसलं. एका माणसाने स्वतःचा शब्द खाली ठेवला आणि पडद्याचा उचलला. निवेदकाचं चुकलं असं मी म्हणत नाही. त्याला नगरच्या, नाशिकच्या, अलिबागच्या प्रेक्षकालाही समजवायचं होतं. आणि नुकसानच झालं असंही नाही, तो शब्द कळल्यामुळे कुणीतरी कृषी खात्याचं पत्रक वाचू शकला असेल. पण 'काणी पडाय नगो म्हून' हे त्या माणसाच्या तोंडून, त्या हेलात, आता ऐकायचं असेल तर ते एका मुंजीच्या शेपटाला आहे. मुंज चार मिनिटं लांबली असती तर तेही गेलं असतं.

३ ऑक्टोबर २०२४ रोजी आपल्याच सरकारने मराठीला अभिजात दर्जा दिला. आम्ही पेढे वाटले. भाषेचं प्राचीनत्व सांगताना नाणेघाटातल्या लेखाचा हवाला दिला जातो, दोन हजार वर्षांपूर्वी कातळात कोरलेला, त्यात 'महारठि' हा शब्द आहे. तो वाचला कारण कातळ पुसून त्यावर दुसरं काही कोरणं महाग होतं. टेप स्वस्तात पुसली जाते. न पुसताही ती मरते : दमट हवेत तिच्यावरचा थर पाणी ओढतो, चिकट होतो, यंत्रात घातली की सोलून निघतो. मुंबईच्या हवेबद्दल मी आपल्याला काय सांगावं! युनेस्कोने २०१९ मध्येच जगाला सावध केलं होतं, आणि या क्षेत्रातले जाणकार सांगत होते की २०२५ पर्यंत ज्या टेपांची डिजिटल प्रत होणार नाही त्यांची आशा सोडा. ते सालही मागे पडलं.

आता कुणी म्हणेल, जुनं आहे की, यूट्यूबवर सापडतं. सापडतं. प्रसार भारतीच्या संग्रहातून काही गोष्टी तिथे आल्या आहेत आणि ते काम करणाऱ्यांचे मी मनापासून आभार मानते. लॉकडाउनमध्ये 'रामायण' पुन्हा लागलं तेव्हा आमच्या सोसायटीत तीन पिढ्यांनी एकत्र बसून बघितलं, तेही कुणीतरी टेपा जपल्या होत्या म्हणूनच. पण जे जपलं तेच पुन्हा दाखवलं जातं, आणि जे पुन्हा दाखवलं जातं तेवढंच 'त्या काळचा टीव्ही' म्हणून उरतं. माझ्या विद्यार्थ्यांना विचारलं तर त्यांच्या लेखी १९८७ च्या, म्हणजे 'रामायण'च्या, आधी टीव्हीवर काही नव्हतंच. कामगारांसाठीचा कार्यक्रम, सुईदोरा शिकवणारा, गंधक चोळणारा, यांना पुन्हा कोण लावणार?

आणि हा प्रश्न फक्त दूरदर्शनचा आहे असं समजून खाजगी वाहिन्यांनी सुस्कारा सोडू नये. १९९९ मध्ये अल्फा मराठी आली, पुढच्या वर्षी ई टीव्ही मराठी, आणि मराठी घराचा चेहरा त्यानंतर जितका बदलला तितका आधी कधी बदलला नसेल. आमच्याकडे लग्नात 'संगीत' म्हटलं की पूर्वी नवरीच्या पेटीच्या परीक्षा आठवायच्या. आता तो एक वेगळा दिवस असतो, वेगळं बजेट असतं. 'होम मिनिस्टर'ने पैठणीला पेटीतून काढून चाळीच्या गॅलरीत आणलं. मंगळसूत्राची लांबी मालिकेप्रमाणे कमी-जास्त होते, सराफाला विचारा. मला स्वतःला या मालिका बघवत नाहीत. रात्री अकरा वाजता भरजरी साडी नेसून दूध तापवणारी सून मी अजून कुठल्याही घरात पाहिलेली नाही. पण उद्या कुणाला २००५ चा मराठी मध्यमवर्ग कसला हेवा करत होता हे शोधायचं असेल, तर ते त्या दूध तापवण्यातच सापडेल. 'चार दिवस सासूचे'चे ३००० हून अधिक भाग झाले. त्यातला एखादा मंगळवार २०५० मध्ये कुणाला बघायचा झाला तर त्याने मागायचा कुणाकडे?

कायद्याने कुणाकडेच नाही. अपलिंकिंगच्या, म्हणजे कार्यक्रम उपग्रहावर पाठवण्याच्या, नियमांनुसार वाहिनीने जे दाखवलं ते ९० दिवस सांभाळायचं असतं. तेही कशासाठी, तर तक्रार आली तर तपासता यावं म्हणून. आपल्याच मंत्रालयाचं एक केंद्र दिल्लीत बसून शेकडो वाहिन्या रोज मुद्रित करतं. त्याचं कामही नियमभंग शोधायचं. म्हणजे यंत्रं आहेत, माणसं आहेत, मुद्रण रोज होतंय. चूक शोधून झाली की सोडून द्यायचं, एवढंच.

पुस्तकाचं असं नाही. १९५४ च्या कायद्याप्रमाणे प्रकाशकाला प्रत्येक पुस्तकाची एक प्रत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि मुंबईच्या टाउन हॉलमधल्या सेंट्रल लायब्ररीसह आणखी तीन ग्रंथालयांना पाठवावी लागते. दोन वर्षांनी त्यात वर्तमानपत्रंही आली. कुणा हौशी कवीने स्वखर्चाने छापलेला संग्रह, ज्याच्या अकरा प्रती खपल्या, तोही तिथे कायद्याने जागा मिळवतो. ज्या बातमीपत्राने एका रात्रीत पाच जिल्हे जागे ठेवले त्याला जागा नाही. फ्रान्सने १९९२ मध्ये हाच पुस्तकांचा नियम रेडिओ-टीव्हीला लावला. त्यांची 'इना' नावाची संस्था हे जपते, आणि २००६ पासून सामान्य माणूस घरबसल्या त्यातलं बरंच बघू शकतो.

सगळंच जपा असं म्हणण्याइतकी मी भाबडी नाही. जागा लागते, पैसा लागतो, हक्कांची भानगड असते. पण १९५४ च्या त्या कायद्यात टीव्ही घालता येईल, आणि सुरुवातीला प्रत्येक मराठी वाहिनीचा आठवड्यातला एक अख्खा दिवस, जाहिरातींसकट, ठेवला तरी पुष्कळ आहे. जाहिराती गाळू नका, त्याच सगळ्यात खऱ्या असतात. मुंबई केंद्राच्या १९७२ पासूनच्या टेपांची यादी लोकांसमोर ठेवा : काय आहे, काय गेलं, काय अर्धवट आहे. गेलेल्याचीही यादी हवी, कारण तिच्यावरूनच लोक आपापले माळे उपसतील. आणि मग लोकांना आवाहन करा. दुरुस्तीला माणसं लागतील, तर ती बोळातल्या दुकानांत आहेत, पन्नाशी-साठीची आहेत, आणि त्यांच्या हाताखाली शिकायला कुणी नाही. त्यांना आधी गाठा. त्यांच्याकडचे व्हीसीआर आपल्यापेक्षा जास्त दिवस टिकणार नाहीत.

उत्तराची वाट पाहते. कळावे,

आपली,
एक निवृत्त मराठी शिक्षिका,
पुणे.

ता. क. – आमची कॅसेट मी स्वखर्चाने, स्पीड पोस्टाने पाठवायला तयार आहे. फक्त त्यातली मुंज पुसू नये ही विनंती. मंदारला आता टक्कल पडलं आहे आणि शेंडीचा तेवढा एकच पुरावा शिल्लक आहे.