भांबुर्डे कुठे आहे?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

घराच्या कागदपत्रांसाठी परवा मालमत्ता पत्रक काढले. त्यावर ‘मौजे भांबुर्डे’ असे वाचून मुलाने विचारले, “बाबा, हे भांबुर्डे कुठे आहे?” बसल्या जागी पायाखाली बोट दाखवले. त्याला ती थट्टा वाटली. त्याचा जन्म पुण्याच्या शिवाजीनगरचा, म्हणजे भांबुर्ड्याचाच.

मुठेच्या पलीकडे पेठा आणि शनिवारवाडा, अलीकडे भांबुर्डे. गाव म्हणून ते वेगळे होते, त्याचा ग्रामदेव रोकडोबा वेगळा होता. रोकडोबा आजही गावठाणात आहे, गाव मात्र शहराच्या पोटात गेले. आठव्या शतकातले, राष्ट्रकूट काळातले पाताळेश्वर लेणे भांबुर्ड्याच्या हद्दीत कोरले गेले. पुणे शहर म्हणून नावारूपाला येण्याच्या कितीतरी आधीची ही गोष्ट. आज तिथे येणारे पर्यटक ‘जंगली महाराज रस्त्यावरचे लेणे’ म्हणतात. ते जंगली महाराजही १८९० मध्ये याच गावच्या मातीत समाधिस्थ झाले. एवढेच काय, आजच्या शिवाजीनगर रेल्वे स्टेशनचे जुने नाव भांबुर्डा होते.

नाव बदलले याबद्दल तक्रार नाही. छत्रपतींच्या नावापुढे आम्ही कोण? आणि त्या नावाला या जागी आधारही आहे. राजर्षी शाहू महाराजांच्या पुढाकाराने १९२१ मध्ये पायाभरणी झालेला आणि १९२८ मध्ये अनावरण झालेला, शिल्पकार करमरकरांनी घडवलेला शिवरायांचा अश्वारूढ पुतळा इथेच, शिवाजी प्रिपरेटरी मिलिटरी स्कूलच्या आवारात उभा आहे. पण नवे नाव लावताना जुने पुसलेच पाहिजे असे थोडेच आहे? एरंडवणे शहरात आले ते आपले नाव घेऊन. हिंगणे बुद्रुकचे कर्वेनगर झाले, तेही अण्णासाहेब कर्व्यांच्या कामामुळे, म्हणून कोणाला खटकत नाही. तरी हिंगणे हा शब्द अजून लोकांच्या तोंडी आहे. भांबुर्ड्याच्या वाट्याला मात्र जमिनीचे कागद आणि टेकडीकडचा भांबुर्डा वनविहार एवढेच उरले. (वनविहारात सकाळी फिरायला येणाऱ्यांपैकी किती जणांना हे गावाचे नाव आहे हे ठाऊक असेल? मी एकदा तिघांना विचारले. एकाने वनस्पतीचे नाव सांगितले!)

मागणी फार मोठी नाही. गावठाणाच्या तोंडाशी, पाताळेश्वराबाहेर आणि रेल्वे स्टेशनवर ‘पूर्वीचे भांबुर्डे’ एवढ्या दोन शब्दांची पाटी लावावी. रोकडोबाच्या देवळाजवळच्या जुन्या घरांतून अजून काही म्हातारी माणसे आहेत, त्यांच्याकडून गल्ल्यांची, विहिरींची, शेतांची नावे लिहून घ्यावीत. हे काम महापालिकेने केले तर उत्तम, नाहीतर एखाद्या महाविद्यालयाच्या इतिहास विभागाने मुलांना प्रकल्प म्हणून द्यावे. मात्र लवकर द्यावे, गावठाणातले जुने वाडे पाडून इमारती उठत आहेत आणि माणसे उपनगरांत पांगत आहेत.

आपला,
एक वाचक, शिवाजीनगर (भांबुर्डे), पुणे