वह्या रद्दीत देऊ नकोस

प्रिय बंड्या,

माळ्यावरच्या नाटक मंडळीच्या हिशोबाच्या वह्या रविवारी रद्दीवाल्याला देणार, असं परवा तू फोनवर सहज बोलून गेलास. घरात पाहुणे होते म्हणून तेव्हा गप्प बसलो, पण रात्रभर डोक्यात तेच. पत्र लांबलं तर शिव्या घालू नकोस.

सध्या मी ई. के. चेंबर्स वाचतोय, जुन्या इंग्रजी नाटकाचा इतिहास लिहिणारा. हा गडी प्राध्यापक नव्हे. १८९२ साली लंडनला शिक्षण खात्यात लागला आणि १९२६ पर्यंत तिथल्याच फायली उपसत राहिला. नाटकाचा अभ्यास उरल्यासुरल्या वेळात. मनात होतं शेक्सपिअरवर एक छोटंसं पुस्तक. त्याआधी इंग्लंडात नाटक आलं कुठून ते थोडक्यात सांगू म्हणून बसला, तर त्याचेच १९०३ साली दोन खंड झाले! मग एलिझाबेथच्या काळातल्या रंगभूमीवर १९२३ मध्ये चार खंड. शेक्सपिअरवरचे दोन खंड आले थेट १९३० साली. नमनाला घडाभर तेल म्हणतात ते हेच. मला विचारशील तर नमनच जास्त रंगलंय.

रंगलंय ते त्यातल्या जुन्या जमाखर्चामुळे. मध्ययुगात इंग्लंडातल्या गावांत एकेका धंद्याचे लोक मिळून बायबलातले खेळ करत. यॉर्कला नोहाची नौका बांधायचा प्रवेश जहाज बांधणाऱ्यांकडे, येशूच्या शेवटच्या जेवणाचा पाववाल्यांकडे. कॉव्हेंट्रीच्या लोहारांच्या १५७३ च्या हिशोबात एकाच इसमाच्या नावावर दोन रकमा आहेत: येशूला दगा देणाऱ्या जूडासला खेळात फाशी दिल्याबद्दल चार पेनी, कोंबडा आरवल्याबद्दल चार पेनी. दोन्हींना भाव एकच! तिथल्या कापडवाल्यांनी तर जगाला आग लावायचे पाच पेनी मोजलेत. मी एकटाच मोठ्याने हसलो.

आणि गंमत बघ, लोहारांच्या त्या खेळाची संहिता आज कुठेच नाही. मूळ कागदांपैकीही बरेचसे १८७९ मध्ये बर्मिंगहॅमच्या ग्रंथालयाला आग लागली त्यात गेले. टॉमस शार्प नावाचा कॉव्हेंट्रीकर १८२५ मध्येच त्या नोंदी उतरवून छापून बसला होता, म्हणून तो आरवणारा माणूस आपल्याला ठाऊक.

चेंबर्सचं सगळंच पटतं असं नाही. साध्या विधीतून पायरी-पायरीने नाटक वाढलं आणि चर्च सदा आडवं आलं, ही त्याची मांडणी फारच सरळसोट. हार्डिसन नावाच्या अमेरिकन अभ्यासकाने १९६५ मध्ये ती चांगलीच उसवली. तरी हिशोबाच्या नोंदींसाठी लोक अजून चेंबर्सही उघडतात.

तुझ्या आजोबांचं ते तिरकं अक्षर मला अजून आठवतं. ‘गॅसबत्ती भाडे’, ‘मारुतीच्या शेपटीस काथ्या, सहा आणे’. त्या खेळाचं नाव तरी तुला सांगता येईल का?

शनिवारी संध्याकाळच्या गाडीने येतोय. रद्दीवाला काय भाव देतो तो मी देईन. वहिनींना सांग, कुळथाची पिठी आणि भात, बाकी काही नको. आणि माळ्यावर चढायला शिडी शोधून ठेव, मागच्या वेळी स्टूल मोडलं होतं.

तुझा,
नाना