आई-बाबा, यंदा तो फॉर्म भरायचाच

ह्यूस्टन, 18 जानेवारी 2026

तीर्थरूप आई-बाबांना शिरसाष्टांग नमस्कार.

तिळाच्या वड्या पोचल्या. एकही तुटली नव्हती. आई, तू डब्यात वड्यांच्या मधे मधे वर्तमानपत्राचे तुकडे घातले होतेस, ते बघून इचलकरंजीचं घर आठवलं. आता ज्या कामासाठी लिहायला बसलेय ते सांगते: घर तापवायच्या खर्चात मिशिगन राज्य जी मदत देतं, तिचा फॉर्म. फोनवर हा विषय काढला की बाबा "बरं बरं, बघू" म्हणतात आणि फोन तुझ्याकडे देतात. पत्र तसं देता येत नाही. शांतपणे दोघांनी मिळून वाचा.

डिसेंबरमध्ये तुमच्याकडे आठ दिवस राहिले, त्यातली एक रात्र माझ्या डोक्यातून जात नाही. पहाटे चारला पाणी प्यायला उठले तर स्वयंपाकघरात उजेड दिसला. आई, तू खुर्ची ओढून ओव्हनसमोर बसली होतीस. ओव्हन चालू, दार उघडं, अंगावर आजीची गोधडी आणि मांडीवर दह्याचं भांडं टॉवेलात गुंडाळलेलं. मला बघून म्हणालीस, "अगं, इथं दहीच लागत नाही थंडीत, म्हणून जरा ऊब देतेय." मी बाहेर भिंतीवरचा थर्मोस्टॅट बघितला. 61. त्यावर चिकटपट्टी लावलेली, चुकून कुणी वाढवू नये म्हणून. आणि पाहुण्यांच्या खोलीतलं गरम हवेचं भोक पुठ्ठ्याने बंद केलेलं होतं, ते मी येणार म्हणून तेवढं उघडलं होतंत.

त्या वेळी मी काही बोलले नाही, बोलले असते तर रडले असते. आता बोलते. गॅसच्या ओव्हनचं दार उघडं टाकून घर गरम करायचं नाही, आई. बंद घरात त्यातून कार्बन मोनॉक्साइड साठतो, त्याला वास नसतो, रंग नसतो, माणूस झोपेतच जातो. आणि 61 अंश फॅरनहाइट म्हणजे आपल्याकडचे 16 सेल्सिअस. म्हाताऱ्या माणसांच्या अंगातली ऊब घरातल्या घरातसुद्धा धोकादायकपणे उतरू शकते, 60 ते 65 अंशांच्या घरातही, असं इथली वृद्धत्वावर काम करणारी राष्ट्रीय संस्था स्पष्ट सांगते. ते 68 च्या खाली जाऊ देऊ नका म्हणतात. बाबा, ती चिकटपट्टी आज काढा. पत्र पुढे वाचायच्या आधी काढा.

आता पैशाचं. मला माहीत आहे की पट्टी गॅसच्या बिलासाठी आहे.

मिशिगन राज्यात "होम हीटिंग क्रेडिट" नावाची सोय आहे. कमी उत्पन्नाच्या घराला हिवाळ्यात घर तापवायचा जो खर्च येतो, त्यातला काही भार राज्य टॅक्स क्रेडिटच्या रूपाने उचलतं. पैसा मुळात केंद्र सरकारचा, 1981 च्या कायद्याने सुरू झालेल्या घरगुती ऊर्जा मदतीच्या योजनेतला. बाकीची बरीच राज्यं तो थेट मदत म्हणून वाटतात, मिशिगन त्यातला भाग टॅक्सच्या फॉर्मवर देतं. फॉर्मचं नाव एमआय-1040सीआर-7. घर स्वतःचं असो की भाड्याचं, दोन्हीला चालतो. तुम्ही दोघंही आता नागरिक आहात, गॅसचं बिल बाबांच्या नावावर आहे, भाड्यात हीटिंग धरलेलं नाही. (भाड्यात धरलेलं असतं तर रक्कम निम्मी झाली असती.) म्हणजे आपल्याला अडवणारं काही नाही.

मग इतकी वर्षं का नाही मिळालं? कारण तीन वर्षांपूर्वी त्या दुकानातल्या टॅक्सवाल्याने तुम्हाला सांगितलं, "तुमचं उत्पन्न टॅक्सच्या खाली आहे, तुम्हाला काहीच भरायची गरज नाही," आणि तेवढं सांगायचे 40 डॉलर घेतले. टॅक्स भरायची गरज नाही हे खरं होतं. पण हे क्रेडिट मिळायला टॅक्स लागू असावाच लागत नाही. राज्याचं रिटर्न न भरता हा एकटा फॉर्मसुद्धा पाठवता येतो. त्या माणसाने एवढं एक वाक्य सांगितलं असतं तर तीन हिवाळे तुम्ही असे काढले नसते. माझाही दोष आहेच. मी त्याच्यावर विसंबले, स्वतः वाचलं नाही. आणि मागच्या वर्षांचं आता मिळत नाही. 2025 चा फॉर्म 30 सप्टेंबर 2026 पर्यंत. त्यानंतर एक दिवस उशीर झाला तरी नाही, मुदतवाढ नाही. म्हणून आत्ता, जानेवारीतच मागे लागलेय.

हिशोब मी माझ्या वहीत करून बघितलाय. बाबा, तुमच्या डोळ्यांखालून घालते, कारण तुम्हाला आकडे बघितल्याशिवाय पटत नाही आणि ते बरोबरच आहे.

तुमच्या सोशल सिक्युरिटीचे, म्हणजे इथल्या सरकारी पेन्शनचे, 2025 मध्ये बँकेत महिन्याला 815 डॉलर येत होते, आईचे 315. फॉर्मवर हे आकडे लिहायचे नाहीत. मेडिकेअरच्या (म्हाताऱ्या माणसांच्या सरकारी आरोग्यविम्याच्या) पार्ट बीचे माणशी महिना 185 आधीच कापून जात होते. म्हणजे खरे 1,000 आणि 500, वर्षाचे मिळून 18,000. जानेवारीअखेर एसएसए-1099 असं लिहिलेला कागद दोघांच्या नावे येईल, त्यावर हे सगळं छापलेलं असतं. तो कागद रद्दीत जाऊ देऊ नका, फ्रिजवर लावून ठेवा.

यात बाबांचं भारतातलं पेन्शन मिळवायचं. गिरणीतल्या नोकरीवरचं ते ईपीएसचं (कर्मचारी पेन्शन योजनेचं) महिना 2,100 रुपये. वर्षाला सुमारे 300 डॉलर. तुम्ही म्हणाल, एवढंसं कशाला लिहायचं. लिहायचं. घरातली एकूण मिळकत विचारलेली आहे, त्यात टॅक्स लागत नाही तेही येतं आणि देशाबाहेरचंही येतं. आणि मी महिन्याला 150 पाठवते तेही त्यात येतं! हे वाचून मला आधी धक्का बसला. नातेवाइकांनी दिलेले पैसे किंवा तुमच्या वतीने भरलेली बिलं वर्षाला 300 च्या वर गेली की वरची रक्कम मिळकतीत धरतात. माझे 1,800, त्यातले 300 सोडले तर 1,500. एकूण झाले 19,800.

आता वजा काय करायचं, ते महत्त्वाचं, आणि हेच लोक विसरतात. आरोग्यविम्याचे तुम्ही भरलेले हप्ते मिळकतीतून वजा होतात, मेडिकेअरचेसुद्धा. दोघांचे 185 प्रमाणे वर्षाचे 4,440. उरले 15,360. राज्याचा एक तक्ता असतो, घरात माणसं किती त्याप्रमाणे ठरावीक रक्कम, ती दर वर्षी बदलते. त्या रकमेतून मिळकतीचे 3.5 टक्के वजा करायचे, उरेल ते क्रेडिट. आपले 3.5 टक्के म्हणजे 537 डॉलर 60 सेंट. हप्ते वजा करायचं विसरलो असतो तर 693 झाले असते. म्हणजे एक रकाना रिकामा राहिला की 155 डॉलर गेले. आईचा अर्ध्या महिन्याचा चेक आहे तो.

दुसरीही एक रीत आहे, प्रत्यक्ष बिलावरची. 1 नोव्हेंबर ते 31 ऑक्टोबर या बारा महिन्यांच्या हीटिंगच्या खर्चातून मिळकतीचे 11 टक्के वजा करायचे आणि उरेल त्याचे 70 टक्के. आपला खर्च 1,140 झालाय (61 वर ठेवून!), आणि 11 टक्के होतात जवळजवळ 1,690. उरतं शून्य. ज्यांची मिळकत अगदीच थोडी आणि घर मोठं, त्यांना ती रीत बरी पडते. आपल्याला पहिलीच. केंद्राकडून पैसा किती आला त्यावर शेवटच्या रकमेला कात्री लागू शकते, तेव्हा मी तुम्हाला पक्का आकडा सांगत नाही. मोठी रक्कम नाही हेही सांगून ठेवते. पण थर्मोस्टॅट सात अंश वर न्यायला जेवढे लागतील त्यातला चांगला वाटा निघेल.

हा पैसा हातात येत नाही. "एनर्जी ड्राफ्ट" नावाचा कागद येतो, दिसायला चेकसारखा, पण बँकेत वटत नाही. तो बिलासोबत गॅस कंपनीला पाठवायचा, ते खात्यावर जमा करतात. किंवा राज्य परस्परच कंपनीला पाठवतं. आई, तसा कागद आला तर जाहिरात समजून फाडू नकोस. मागे तू माझ्या नव्या डेबिट कार्डाचं पाकीट फाडलं होतंस.

बाबा, आता तुमच्याशी. तुम्ही म्हणालात, "सरकारपुढं हात पसरायचा नाही." हे वाक्य मी लहानपणापासून ऐकतेय आणि त्याचा मला अभिमान आहे. गिरणी बंद पडली तेव्हा आपण तीन महिने डाळ-भातावर काढले, पण तुम्ही कुणाच्या दारात गेला नाहीत. मग प्रॉव्हिडंट फंडासाठी मात्र कोल्हापूरच्या ऑफिसला किती खेपा घातल्यात? मी तेव्हा सहावीत होते. सकाळच्या एसटीने जायचात, प्लॅस्टिकच्या पिशवीत फॉर्म, पोळी-भाजीचा डबा. एकदा सही जुळत नाही म्हणून परत पाठवलं, दुसऱ्यांदा साहेब रजेवर. तुम्ही प्रत्येक वेळी परत गेलात. तेव्हा तुम्हाला ते हात पसरणं वाटलं नाही, कारण कायद्यात तुमचं नाव होतं आणि नियमाप्रमाणे फॉर्म भरून तुम्ही मागत होतात. हेही तसंच आहे. इथं येऊन अकरा वर्षं तुम्ही त्या वाणसामानाच्या दुकानात उभं राहून काम केलंत, मिशिगनचा सव्वाचार टक्के टॅक्स प्रत्येक पगारातून गेला, केंद्राचा गेला तो वेगळा. गुडघे त्याच दुकानात गेले तुमचे. ज्यांनी भरलं त्यांच्यासाठीही हे आहे.

आणि खरं सांगते, माझ्याकडून जास्त पैसे घ्यायला तुम्ही तयार असता तर मी हे पत्र लिहिलंच नसतं, बिल गपचूप भरून टाकलं असतं. तुम्ही लेकीचं घेत नाही, सरकारचं घेत नाही, आणि आई पहाटे चारला ओव्हनसमोर बसते. यातलं शेवटचं मला बघवत नाही.

करायचं काय ते ऐका. पेन घेऊन तुम्हाला बसायचं नाही. फेब्रुवारीपासून 15 एप्रिलपर्यंत लायब्ररीत आणि सीनियर सेंटरमध्ये एएआरपी या ज्येष्ठांच्या संघटनेचे टॅक्स-एडचे स्वयंसेवक बसतात, फुकट भरून देतात. 211 या मदतीच्या नंबरला फोन केला की जवळचं ठिकाण सांगतात. वेळ मी घेऊन देईन. तुम्ही बरोबर न्यायचं ते इतकंच: दोघांचे एसएसए-1099, दोघांची सोशल सिक्युरिटी कार्डं, ओळखपत्र, गॅसचं ताजं बिल, बारा महिन्यांचा खर्च (कंपनीला विचारला की सांगतात, मी विचारून ठेवलाय), ईपीएसचं पासबुक, भाड्याच्या पावत्या. भाड्याच्या पावत्या कशाला, तर घरपट्टीचं एक वेगळं क्रेडिट आहे, त्यात भाड्याचा 23 टक्के भाग घरपट्टी म्हणून धरतात. आणि ते मात्र चार वर्षं मागे जाऊन मागता येतं. म्हणजे त्या टॅक्सवाल्यामुळे सगळंच बुडालेलं नाही. मेडिकेअरचे हप्ते राज्याने भरायचीही एक सोय आहे, त्याचं नंतर फोनवर. एका पत्रात सगळं कोंबलं तर बाबा पत्रच मिटून ठेवतील.

मधल्या काळात बिलाची धास्ती घेऊ नका. 1 नोव्हेंबर ते 31 मार्च या काळात 65 च्या वरच्या माणसांचं कनेक्शन थकबाकीसाठी तोडता येत नाही, असा मिशिगनचा नियम आहे. बिल माफ होत नाही, पण जानेवारीत अंधारात आणि गारठ्यात कुणी तुम्हाला टाकू शकत नाही. कार्बन मोनॉक्साइडचा अलार्म मी मागवलाय, गुरुवारपर्यंत येईल. तो झोपायच्या खोलीबाहेर लावायचा, स्वयंपाकघरात नको. शेजारचा मुलगा लावून देईल, त्याला मी सांगितलंय.

आई, दह्याचं भांडं ओव्हनमध्ये ठेव, पण ओव्हन बंद, आतला नुसता दिवा लावून, दार मिटून. त्या दिव्याची ऊब पुरते, मी इथं तसंच लावते. सकाळी घट्ट झालेलं असेल.

रविवारी व्हिडिओ कॉल करेन. फोन आधी थर्मोस्टॅटसमोर धरायचा, मग तुमचे चेहरे.

तुमची,
ताई