तक्रार पत्र: सव्वाचार महिन्यांच्या बाळाला नवजाताचा कोड लावून दावा नाकारल्याबाबत

प्रति,
तक्रार निवारण अधिकारी,
आरोग्य विमा कंपनी

महोदय,

दावा नामंजूर केल्याचं तुमचं पत्र मिळालं. दोन पानांत कामाची ओळ एकच आहे: ‘निदान कोड पी२६.९. आजाराचा उगम जन्मकाळातील, म्हणजे विमा संरक्षण सुरू होण्यापूर्वीचा. सबब दावा अमान्य.’ माझी तक्रार या ओळीबद्दल आहे.

मुलगा त्या दिवशी चार महिने अकरा दिवसांचा होता. पहाटे पाजायला उचललं तर दुपट्यावर लालसर फेस. दूध टाकलं असेल असं वाटलं. लाइट लावला तेव्हा नाकातूनही तेच येत होतं आणि ओठ जांभळे पडले होते. एक्स-रेत दोन्ही फुप्फुसं पांढरी. श्वासनलिकेत नळी घातली, तर सक्शनच्या बाटलीत निव्वळ रक्त. पाच दिवस व्हेंटिलेटर, एकूण बारा दिवस पीआयसीयू, म्हणजे लहान मुलांचा अतिदक्षता विभाग. बाळ आता बरं आहे, हे आपणहून सांगते, कारण तुमच्याकडून अजून कोणी विचारलेलं नाही.

डिस्चार्ज कार्डावर निदान स्वच्छ लिहिलंय: ‘ॲक्यूट इडिओपॅथिक पल्मनरी हॅमरेज’, म्हणजे अचानक झालेला, कारण न सापडलेला फुप्फुसातला रक्तस्राव. पण क्लेम फॉर्मच्या हॉस्पिटलने भरायच्या ‘भाग ब’मध्ये कोड पडला पी२६.९. बिलिंगवरच्या मुलानेच मला सांगितलं, की त्याने फुप्फुसातला रक्तस्राव शोधला आणि पेशंट तान्हा म्हणून नवजात अर्भकाचा पर्याय निवडला. चूक हॉस्पिटलची, मान्य. त्यांनी ती लेखी कबूल केली आणि श्वसनमार्गातल्या इतर रक्तस्रावाचा आर०४.८ हा कोड लिहून दुरुस्तीपत्र दिलं. ते तुम्हाला मिळाल्याची पोच माझ्याकडे आहे. त्यावर तुमचं उत्तर काय, तर ‘एकदा नोंदवलेला कोड बदलता येत नाही.’

मी सहकारी बँकेत काउंटरवर बसते. खाते क्रमांकात एक आकडा चुकून पैसे भलतीकडे गेले आणि मी असं उत्तर दिलं, तर खातेदार काचेच्या फटीतून हात घालून माझी गचांडी धरेल.

तुमच्या डॉक्टरांनी जागतिक आरोग्य संघटनेचं आयसीडी-१० हे आजारांच्या कोडचं पुस्तक उघडून बघावं. पी२६ म्हणजे ज्याचं मूळ जन्माच्या आसपासच्या काळात आहे असा फुप्फुसातला रक्तस्राव. हा काळ गर्भाच्या २२ आठवड्यांपासून जन्मानंतरच्या पूर्ण सात दिवसांपर्यंत धरतात. आर०४.८ खाली तर स्पष्ट सूचनाच आहे, की पी२६ चे रुग्ण इथे धरू नयेत. म्हणजे दोन्ही वेगळे आहेत. पी गटात पुढे उशिरा दिसलेला आजारही बसू शकतो, हे मला ठाऊक आहे. पण मूळ जन्मकाळातलं असल्याचं डॉक्टरांनी म्हणायला हवं ना? माझं बाळ पूर्ण दिवसांचं, २ किलो ९०० ग्रॅमचं. तिसऱ्या दिवशी घरी आलं, ऑक्सिजन एक मिनिटही लागला नाही. ते कागद तुमच्याकडे आहेत.

दुसरी गोष्ट. तुम्ही मधल्या काळात ‘आजाराच्या कारणाचं प्रमाणपत्र’ मागितलंत. इडिओपॅथिक म्हणजेच शोधूनही कारण न सापडलेलं. रक्त गोठण्याच्या तपासण्या, हृदयाची टूडी एको, ब्रॉन्कोस्कोपी म्हणजे श्वासनलिकेची दुर्बिणीतून तपासणी, सगळं झालं. तेव्हा कुठे डॉक्टरांनी हा शब्द लिहिला. कारण सापडलं असतं तर निदानच बदललं असतं. हे मी तुमच्या माणसाला फोनवर तीनदा समजावलं. चौथ्यांदा ‘मॅडम, तरी एक सर्टिफिकेट पाठवून द्या’ असंच ऐकू आलं.

मग तुमचा एक डॉक्टर म्हणाला, बरोबर कोड आर०४.८१ आहे, हॉस्पिटलने एक आकडा कमी लिहिलाय. तो कोड अमेरिकेच्या स्वतंत्र आवृत्तीतला, तिथे २०१५ पासून चालणारा. आपल्याकडच्या फॉर्मवर आयसीडी-१० लिहिलंय आणि संघटनेच्या पुस्तकात आर०४.८ च्या पुढे आकडा नाही. शिवाय त्या अमेरिकन कोडखालची टीप वाचलीत तर तिच्यात २८ दिवसांपुढच्याच बाळांचा उल्लेख सापडेल. म्हणजे तुमच्याच डॉक्टरांचं म्हणणं माझ्या बाजूने जातं!

तुमचा तपासनीस घरी आला, तोही आजाराबद्दल कमी आणि भिंतीबद्दल जास्त बोलला. साताऱ्यातला पावसाळा; न्हाणीघरामागच्या भिंतीला ओल असणारच. तिचे सहा फोटो काढले, बाळाचा एकही नाही. अमेरिकेत क्लीव्हलँडला १९९३-९४ मध्ये काही तान्ह्यांना असाच रक्तस्राव झाला आणि घरातल्या काळ्या बुरशीवर संशय गेला होता, हे मीही वाचलंय. पण तिथल्याच सीडीसी या सरकारी रोग नियंत्रण संस्थेने २००० मध्ये तो संबंध सिद्ध झालेला नाही असं जाहीर केलं. आणि समजा भिंतीमुळेच झालं, तरी पॉलिसीत ओलीचं कलम कुठे आहे?

बाळाचं नाव ९१व्या दिवसापासून पॉलिसीत आहे, वाढीव हप्ता तुम्ही घेतलाय. दुरुस्त कोड नोंदवून ३,८६,४०० रुपयांचा दावा पुन्हा तपासा. विमा नियामकाच्या २०२४ च्या परिपत्रकाप्रमाणे दावा नाकारायचा तर आढावा समितीची मंजुरी आणि पॉलिसीतलं नेमकं कलम लागतं. तुमच्या पत्रात दोन्ही नाही. पुन्हा नाकारणार असाल तर ते कलम आणि नाकारणाऱ्या डॉक्टरांचा लेखी अभिप्राय द्या. महिन्याभरात उत्तर आलं नाही, तर हीच फाइल मी पुण्याला विमा लोकपालांकडे पाठवणार आहे. झेरॉक्स काढून ठेवल्या आहेत.

सोबत डिस्चार्ज कार्ड, हॉस्पिटलचं दुरुस्तीपत्र आणि जन्माच्या वेळचे कागद पुन्हा एकदा जोडले आहेत. फोन करायचा असेल तर दुपारी साडेतीननंतर करावा, काउंटर बंद झाल्यावर.

आपली,
पॉलिसीधारक (बाळाची आई)