सुलतानाची पुस्तकं उसनी तरी द्या : स्पेनच्या संस्कृतिमंत्र्यांना खुले पत्र

मा. संस्कृतिमंत्री,
स्पेन सरकार, माद्रिद यांस,

सप्रेम नमस्कार.

मी साताऱ्याचा. गेल्या वर्षी माद्रिदजवळच्या एल एस्कोरियाल या जुन्या राजवाडा-मठाचं ग्रंथालय पाहिलं. तिथं पुस्तकं उलटी लावलेली. सोनेरी कडा बाहेर, पाठ भिंतीकडे. नाव वाचायला मान वाकडी करून उपयोग नाही. मी मात्र त्या इमारतीतल्या दुसऱ्याच पुस्तकांसाठी आलो होतो.

१६१२ साली बंडखोरांनी मराकेश घेतलं, तेव्हा मोरोक्कोच्या सुलतान मुलाय झिदाननं आपलं अख्खं ग्रंथालय एका फ्रेंच गलबतावर चढवलं. भाडं हाती पडेना म्हणून कप्तानानं मालासकट नांगर उचलला आणि वाटेत तुमच्या आरमारानं गलबत धरलं. सुमारे ४,००० हस्तलिखितं एस्कोरियालला गेली. १६७१च्या आगीत बरीच जळाली. १६९०-९१मध्ये मोरोक्कोच्या त्या वेळच्या सुलतानाचा राजदूत अल-घस्सानी माद्रिदला आला, त्यानं कैद्यांच्या सुटकेबरोबर पुस्तकंही मागितली. उत्तर मिळालं : जळाली. उरलेली आजही तिथंच आहेत. २०१३मध्ये तुमच्या राजांनी मोरोक्कोला त्यांच्या मायक्रोफिल्म दिल्या.

मायक्रोफिल्म अभ्यासकाला पुरते. बाकीच्यांचं काय, ते आम्हाला विचारा. २०२४च्या जुलैत लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयातून वाघनखं साताऱ्यात आली, तीन वर्षांच्या बोलीवर. ती महाराजांनी वापरलेलीच का, यावर रांगेतसुद्धा वाद चालला होता. (वादाशिवाय आमच्याकडे रांग पुढं सरकत नाही.) पण काचेपुढं पोचल्यावर माझ्या आईनं चपला काढल्या आणि हात जोडले. फोटो तिनं पूर्वी पाहिलेच होते.

अरब जग आणि पश्चिमेच्या संवादावर स्पेन हक्कानं बोलतो. 'संस्कृतींची आघाडी' ही कल्पना २००४ साली संयुक्त राष्ट्रांत तुमच्याच पंतप्रधानांनी मांडली, पुढं तुर्कस्तान सोबतीला आला. परिषदा झाल्या, आणखी होतील. त्यात मला फारसा रस नाही.

एस्कोरियाल तुमच्या खात्याकडे नाही, राजघराण्याच्या वास्तू सांभाळणाऱ्या 'पात्रिमोनिओ नासिओनाल' या सरकारी संस्थेकडे आहे, हे ठाऊक आहे. 'हे आमच्या खात्यात येत नाही' हे वाक्य आम्हीही लहानपणापासून ऐकतो. तरी शब्द टाकायला काय हरकत आहे?

मालकीचा वाद तूर्त बाजूला ठेवा. मूळ पोथ्या तीन-तीन वर्षांसाठी मोरोक्कोच्या राजधानीतल्या, रबातच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला उसन्या द्या. विमा उतरवा, सोबत तुमचा माणूस पाठवा, तापमानाच्या अटी घाला. पहिल्या खेपेला पन्नास पुरेत. फक्त कुठल्या, ते रबातच्या लोकांना निवडू द्या.

आपला,
एक सातारकर