साचे ठेवाल, माणसांचं काय?

माननीय सांस्कृतिक कार्य मंत्री, महाराष्ट्र राज्य,

स. न. वि. वि.

काळाचौकीच्या इंडिया युनायटेड मिल क्रमांक 2-3 च्या जागेत वस्त्रोद्योग संग्रहालय करायचं ठरलं, त्याला दहा वर्षं कधीच उलटून गेली. काम महापालिकेचं आहे, ठाऊक आहे. पण तिथे ठेवायचं काय, हा प्रश्न तुमच्या खात्याचा, म्हणून तुम्हाला लिहितो.

साचे म्हणजे कापड विणायचे माग, त्यांतले धोटे, गिरणीचा भोंगा हवेतच. पण लोखंड थांबू शकतं. 18 जानेवारी 1982 ला संपावर गेलेल्या अडीच लाख गिरणी कामगारांतला सगळ्यात तरणा बदलीवालाही, म्हणजे गैरहजर कामगाराच्या जागी लागणाराही, आज साठी ओलांडून बसला आहे.

मुंबईच्या विचारांची गोष्ट आपण नेहमी फोर्टातून सांगतो. 1832 चं ‘दर्पण’ वृत्तपत्र, 1857 चं विद्यापीठ. खोटं काही नाही, पण ती गोष्ट अर्धी आहे. या बंदरात अमेरिकन मिशनऱ्यांनी छापखाना आणला. तिथे काम शिकलेल्या गणपत कृष्णाजींनी स्वतःची शाई बनवली आणि 1831 मध्ये मराठी पंचांग छापलं. म्हणजे शाईने हात काळे झालेला कारागीर ‘दर्पण’च्याही आधीपासून या गोष्टीत आहे. पुढे 1854 मध्ये कावसजी दावरांनी ताडदेवच्या गिरणीचा घाट घातला, आणि कोकणातून, घाटावरून माणसं येत राहिली. ती काय नुसते हात घेऊन आली? नारायण मेघाजी लोखंडे ‘दीनबंधू’ हे वृत्तपत्र चालवता चालवता 1884 मध्ये गिरणी कामगारांची संघटना बांधत होते. 1890 मध्ये मिळालेली रविवारची सुट्टी ही त्यांचीच कमाई. मंत्रालयातही ती आवडीने घेतात! 1908 मध्ये टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली, तर कामगारांनी सहा दिवस गिरण्या बंद ठेवल्या. शिक्षेच्या एकेका वर्षाला एकेक दिवस.

परळचं दामोदर नाट्यगृह 1922 चं. 9 मार्च 1924 ला बाबासाहेबांनी दामोदर हॉलमध्येच बैठक बोलावली आणि त्यातून बहिष्कृत हितकारिणी सभा उभी राहिली. याच दामोदरमध्ये कोकणातली नमनं, म्हणजे तिथली लोकनाट्यं, रात्र रात्र रंगली. सभा आणि सोंगं एकाच छताखाली, एकाच वस्तीसाठी.

अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि गवाणकरांचं 1944 चं लाल बावटा कलापथक, किंवा गिरणी कामगाराने रस्त्यावरून उचलून वाढवलेले नारायण सुर्वे, यांची नोंद आहे, कारण ते मोठे झाले. पण कामगार पाळीपाळीने झोपायचे त्या गाळ्यात, म्हणजे चाळीतल्या खोलीत, एकाची वळकटी सुटायची तेव्हा दुसऱ्याची गुंडाळली जायची, आणि वाचता येणारा एकजण बाकीच्यांना पेपर वाचून दाखवायचा, त्याची नोंद कुठे आहे? पंधरा-वीस जणांचं जेवण करणाऱ्या, कुणाची उधारी किती दिवस ओढायची हे मनात ठरवणाऱ्या खानावळवाल्या बाईची? पुराभिलेखात पोलिसांनी कामगारांच्या सभांबद्दल लिहिलेलं सापडतं. कामगारांनी स्वतःबद्दल सांगितलेलं फारच थोडं.

माझी मागणी मोठी नाही. इमारतीची वाट न बघता आत्ताच माणसं पाठवा. लालबाग, परळ, वरळी, नायगावात, आणि घर देतो म्हणून ज्यांना शहराबाहेर पाठवलं त्यांच्याकडेही. बोलणं ध्वनिमुद्रित करा. साचेखात्यातली भाषा, गोदीतली भाषा, मुकादमाला ठेवलेली नावं, सगळं. शिव्याही गाळू नका. आणि हे काम एखाद्या जाहिरात कंपनीला देऊ नका, इतकं ऐकाच.

माझे वडील साचेखात्यात होते. त्यांच्या मंडळाची भजनाची वही माझ्याकडे आहे. मागच्या पानांवर अभंगांच्या जोडीला संपाच्या वर्गणीचे आकडे आहेत, दोन्ही एकाच हस्ताक्षरात. कागद आता हात लावला की तुटतो. ती कुठे आणून द्यायची, तेवढं कळवा.

आपला,
एका साचेवाल्याचा मुलगा